चला हवा येऊ द्या

झी मराठी वाहिनीवरील विनोदी कार्यक्रम. त्याचे प्रसारण ऑगस्ट २०१४ मध्ये सुरू झाले व त्याचे पहिले पर्व मार्च २०२४ मध्ये संपले. २०२५ मध्ये अभिजीत खांडकेकर यांच्या सूत्रसंचालनाखाली तो नव्या रूपात आला. पहिल्या पर्वाचे सूत्रसंचालन व दिग्दर्शन नीलेश साबळे यांचे असून भाऊ कदम, कुशल बद्रिके, सागर कारंडे, भारत गणेशपुरे व श्रेया बुगडे हे त्यातील प्रमुख कलावंत होत. थुकरटवाडी या काल्पनिक खेड्यात नामवंत कलावंत पाहुणे म्हणून येत आणि त्यांच्यासमोरच त्यांच्या कलाकृतींचे विडंबन सादर होई.

चित्रपटांबरोबरच दूरचित्रवाणी मालिका हा या विडंबनाचा हक्काचा विषय होता. एका वाक्यावर घरातील प्रत्येकाचा चेहरा आळीपाळीने दाखविणे, पार्श्वसंगीताने क्षुल्लक गोष्टीस संकटाचे रूप देणे, मध्यरात्रीही स्त्रियांनी भरजरी साडीत वावरणे, हे मालिकांचे संकेत प्रेक्षकांच्या इतके अंगवळणी पडतात, की त्यांतील कृत्रिमता जाणवेनाशी होते. विडंबन ते किंचित ताणते व ती सवय मोडते. ⇨ तमाशातील सोंगाड्याही असाच चालू खेळात शिरून, हा खेळच आहे, याची आठवण प्रेक्षकांस करून देतो. पुरुषांनी रंगविलेल्या स्त्रीभूमिकांतही लोकनाट्याचा धागा दिसतो. तथापि केवळ वेशांतरावर विसंबलेला विनोद पुनरावृत्तीमुळे निष्प्रभ झाला.

कार्यक्रमाची खरी मर्यादा त्याच्या स्थानात होती. थट्टेचा विषय झालेल्या मालिका बहुधा त्याच वाहिनीच्या असत आणि पाहुणे पुष्कळदा नव्या कलाकृतीच्या प्रसिद्धीसाठी येत. त्यामुळे थट्टा हीच जाहिरात ठरली. संकेतांची खिल्ली उडाली. परंतु ते ज्यांतून निपजतात, त्या रोजच्या भागाची घाई, जाहिरातींचे अर्थकारण व प्रेक्षकसंख्येची चढाओढ यांना क्वचितच स्पर्श झाला. जसपाल भट्टी यांनी फ्लॉप शो (१९८९) या हिंदी मालिकेत दूरदर्शनसारख्या शासकीय माध्यमातूनच शासकीय कारभारावर बोट ठेवले होते. तसे धाडस येथे आढळत नाही.

अरविंद जगताप यांनी लिहिलेली व सागर कारंडे यांनी पोस्टमनच्या भूमिकेत वाचलेली पत्रे मात्र याला अपवाद होत. हास्य थांबवून सामान्य माणसाचे दुःख सांगण्याचे काम त्यांनी केले. विनोदाने टाळलेले गांभीर्य कार्यक्रमास पत्रांतून शोधावे लागले, यातच त्याचे सामर्थ्य व उणीव दोन्ही स्पष्ट होतात.