हरिश्चंद्राचे सत्त्व आणि डोंबाची चाकरी

मराठी चित्रपटाने आरंभाला दोनदा हरिश्चंद्रच निवडला. फाळक्यांचा मूकपट ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लागला. १९३२ साली प्रभातचा पहिला मराठी बोलपट आला, तोही ‘अयोध्येचा राजा’. आमच्या समीक्षकांनी यात सत्यनिष्ठा पाहिली, कुटुंबाची ताटातूट आणि पुनर्मीलन पाहिले. मला या कथेतला डोंब पाहायचा आहे.

राजा राज्य गमावतो, बायको-पोर विकतो आणि शेवटी काशीच्या मसणात डोंबाचा चाकर होतो. अधःपाताची ही शेवटची पायरी. म्हणजे आमच्या बापजाद्यांचे रोजचे जिणे ही राजाची परीक्षा! मुलगा मरतो, तारामती प्रेत घेऊन येते, तर राजा तिच्याकडेही मसणाचा कर मागतो. पुराणात मढ्यावरची वस्त्रे गोळा करणे हेच त्याचे काम. चुडाव्यात माझ्या आज्यानेही गावकीचा हक्क म्हणून मढ्यावरचे कापड घेतले, सरणाची लाकडे फोडली, मयताचा सांगावा घेऊन परगावी पायपीट केली. राजाने कापड मागितले ते सत्त्व ठरले. आज्याने घेतले तो विटाळ. १९५६ च्या धर्मांतरानंतर आमच्या वस्तीने ते कापड नाकारले. त्या नकारावर कोणी पट काढला नाही.

(तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने केली, हे सर्वांना ठाऊक आहे. सिनेमाचा धंदा इतका हलका मानला जाई की नाचगाण्यावर जगणाऱ्या बायांनीही फाळक्यांना नकार दिला. पतिव्रतेचा आदर्श सांगणाऱ्या पटात एकही बाई उभी राहायला तयार नव्हती!)

फाळक्यांच्या पटात शेवटी शंकर प्रकट होतो, विश्वामित्र मुकुट परत करतो, रोहिदास जिवंत होतो. राजाला पोर, पत्नी, राज्य सारे मिळते. मार्कंडेय पुराणाने तर याहून मोठी चलाखी केली आहे. राजाला विकत घेणारा चांडाळ हा चांडाळच नव्हे, वेष पालटून आलेला प्रत्यक्ष धर्म! म्हणजे राजा खऱ्या अस्पृश्याचा चाकर कधी झालाच नाही. त्याच्यावरचा डागही देवांनी पुसला. मग मसणात उरले कोण? ज्यांच्यासाठी शंकर येत नाही, ते.

१९२५ साली बाबूराव पेंटरांनी ‘सावकारी पाश’ हा मूकपट काढला. त्यात कुळाची जमीन सावकार गिळतो, तो शेतकरी शहरातल्या गिरणीत मजुरीला जातो, आणि कुठलाही देव मधे पडत नाही. मराठी पडद्यावर गमावण्याचे खरे कारण प्रथम इथे दिसले. मात्र त्या शेतकऱ्याकडेही गमावायला आधी जमीन होती. आमच्या महारवाड्यातून मुंबईला गेलेल्या माणसांचा मूकपट निघालाच नाही.