पोथीचें कूळ आणि सूचीची उणीव

म्हसा येथील पौषी यात्रेंत जुन्या भांड्यांच्या दुकानीं आम्हांस एकदां पोथीचीं अकरा सुटीं पानें मिळालीं. बासन दुकानदारानें भांडीं पुसावयास घेतलें होतें. मालकाचें नांव त्यास ठाऊक नव्हतें. अक्षर सुवाच्य आहे, पाठही बरा आहे. पण पानें कोणाच्या घरचीं, हें आतां कळण्यास मार्ग नाहीं. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरांतील सरकारी हस्तलिखितांची वर्णनात्मक सूची चाळतांना या पानांची आठवण वारंवार होते.

हा संग्रह करण्यास मुंबई सरकारनें १८६६ सालीं आरंभ केला. बूलर, कीलहॉर्न, भांडारकर, पीटर्सन यांनीं तो वाढविला, आणि १९१८ सालीं डेक्कन कॉलेजांतून तो नव्या मंदिरांत आला. सूचीचा पहिला भाग त्यापूर्वींच, १९१६ सालीं, निघाला होता. पुढें परशुराम कृष्ण गोडे यांनीं साहित्यग्रंथांचे आणि हीरालाल कापडिया यांनीं जैन ग्रंथांचे भाग सिद्ध केले. त्यांच्या चिकाटीविषयीं दुमत होणार नाहीं.

या सूचींतील सर्वांत मोलाची गोष्ट म्हणजे पोथीचा जुना क्रमांक मोडला नाहीं ही होय. ‘१८७५-७६ पैकीं ५’ हा आंकडा पाहतांच ती पोथी बूलरच्या काश्मीर-प्रवासांतील, हें जाणत्यास उमगतें, व १८७७ सालीं छापलेल्या त्याच्या अहवालाकडे तो वळतो. शारदा लिपींतील ऋग्वेदाची भूर्जपत्रावरील पोथी ती हीच. शेफ्टेलोवित्स यानें १९०६ सालीं खिलसूक्तें प्रसिद्ध केलीं तीं मुख्यतः हिच्याच आधारें. क्रमांक बदलून विषयवार नवे घातले असते तर कपाटें नीटस दिसलीं असतीं खरीं, पण हा दोरा तुटला असता.

तथापि उणीवही सांगणें प्राप्त आहे. पत्रसंख्या, ओळी, अक्षरें, लिपि, आद्यंत हें सर्व सूची देते. पोथी कोठून मिळाली यास मात्र स्वतंत्र सदर नाहीं. क्रमांकावरून साल कळतें, घर कळत नाहीं. त्यासाठीं जुने अहवाल धुंडाळावे लागतात, आणि ते खेड्यांतील अभ्यासकाच्या हातीं सहसा लागत नाहींत. अमुक पाठ कोणत्या प्रांतीं चालत होता, हें ठरविणारास ही माहिती ग्रंथकर्त्याच्या नांवाइतकीच लागते.

सूची ही निव्वळ यादी नव्हे, हें ५ जानेवारी २००४ रोजीं दिसून आलें. त्या दिवशीं जमावानें मंदिरांत शिरून कपाटें पाडलीं व पोथ्या विखुरल्या. सुटलेलें पान आपल्या पोथींत परत घालावयाचें तर सूचींतील वर्णनावांचून दुसरा साक्षीदार कोण?

संग्राहक मित्रांस आमची विनंती इतकीच कीं, पोथी घेतांना बासन, फळ्या व वरच्या कोऱ्या पानावरील देण्याघेण्याचे आंकडेही घ्यावे, आणि देणाराचें गांव त्याच दिवशीं टिपून ठेवावें. तरुणपणीं आम्हींही कित्येक बासनें मळकीं म्हणून टाकलीं आहेत. त्या अकरा पानांस आतां ‘म्हसा, पौष शुद्ध १५’ अशी चिठ्ठी लावली आहे. घराची जागा कोरी आहे.