‘गैरहजर’ कोण?

न्यायालयाचा आदेश हीही एक संहिताच असते. तिच्यात कोणाचा आवाज उमटतो आणि कोणाचा पुसला जातो, हे तपासणे समीक्षेचेच काम आहे. कायदा हा वकिलांचा प्रांत म्हणून आपण ते टाळत आलो.

महाडचा दावा घ्या. चवदार तळ्यावर अस्पृश्यांना मज्जाव व्हावा म्हणून सवर्णांनी डिसेंबर १९२७ मध्ये बाबासाहेब व त्यांच्या सहकाऱ्यांवर दिवाणी दावा लावला. १९३१ साली तो फेटाळला गेला. वादी ठाण्याला अपिलात गेले. १९३३ साली तेथेही हरले. मग मुंबई उच्च न्यायालय. तेथे १७ मार्च १९३७ रोजी न्या. ब्रूमफील्ड व न्या. वाडिया यांनी मज्जावाची अनादी रूढी सिद्ध होत नाही, असे सांगून त्यांचे अपील फेटाळले. निकाल आपल्या बाजूचा आहे. पण त्यातली दुसरी गोष्टही वाचली पाहिजे. अन्यायाचा दावासुद्धा दहा वर्षे चालवता येतो, कारण चालवणे ही ऐपतीची बाब आहे. आणि समोर टिकून राहिला तो स्वतः बॅरिस्टर होता.

आता दुसरी संहिता पाहा. ती रोजनाम्यातली एक ओळ असते : ‘अपिलांट गैरहजर. अपील फेटाळले.’ दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम १७ चा हा अधिकार. १९७६ च्या दुरुस्तीने स्पष्ट केले की, अशा वेळी न्यायालयाने अपिलाच्या गुणदोषांत शिरू नये. हेतू चांगला. पुरेसे कारण दाखवले तर अपील पुन्हा दाखल होते. पण अर्ज ३० दिवसांत हवा. अपिलांट मेला तर वारस ९० दिवसांत लावायचे, नाहीतर त्याच्यापुरते अपीलही संपले. ही मुदत कोणाला माहीत असते? वतनाच्या तुकड्यासाठी भांडणाऱ्या, रोजावर जगणाऱ्या माणसाला?

‘गैरहजर’ हा शब्द निर्विकार दिसतो. बुडणारी मजुरी, एस. टी.चे भाडे, वकिलाने न कळवलेली तारीख, यांतले काहीच तो सांगत नाही. १९८१ साली रफीक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, वकील गैरहजर राहिला म्हणून निर्दोष पक्षकाराला शिक्षा होऊ नये. पण हे ऐकायला त्या पक्षकाराला दिल्ली गाठावी लागली!

आमच्या सोलापूरकरांना उच्च न्यायालयासाठी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले. अंतर कमी झाले, हे चांगलेच. पण कोल्हापूरच्या तारखेलाही रोज बुडतोच.

महाडचा निकाल आपल्याला वाचता येतो, कारण त्यात कारणे लिहिली आहेत. गैरहजेरीत गेलेल्या अपिलात जमीन कोणाची, हा प्रश्नच तपासला जात नाही. हरलेल्याच्या हाती वाचण्यासारखे काही उरत नाही. आपल्या साहित्याने गावकुस, पोलीस चौकी, झोपडपट्टी लिहिली. दिवाणी कोर्टाचा व्हरांडा मात्र फारसा लिहिला नाही. तो लिहिला पाहिजे. आणि कार्यकर्त्यांनी मोर्च्याच्या तारखेइतकीच वस्तीतल्या दाव्यांची तारीखही वहीत टिपून ठेवली पाहिजे. हजर राहणे हाही संघर्षच आहे.