झोप कुणाची, ऋतू कोणता?

‘बेडूक हिवाळ्यात काय करतो?’ या प्रश्नाचे ‘शीतनिद्रा घेतो’ हे उत्तर आपण मुलांकडून वर्षानुवर्षे पाठ करून घेत आलो. कोल्हापूरकडच्या एखाद्या मुलाने ‘बेडूक उन्हाळ्यात दडी मारतो’ असे लिहिले, तर गुण जाण्याचीच शक्यता अधिक. पण चूक कुणाची?

शीतनिद्रा ही थंड प्रदेशातली गरज. तिथे तळी गोठतात. कोल्हापुरात जानेवारीतही पाणी गोठत नाही; उन्हाळ्यात मात्र ते आटते. बेडूक ओलसर त्वचेतूनही श्वसन करतो. त्वचा सुकली की तो मेलाच. म्हणून तो मऊ मातीत शिरतो, श्वसन आणि हृदयाचे ठोके मंदावतात आणि अंगातल्या चरबीवर तो तग धरतो. ओढ्याकाठचे खेकडे बिळात खोल जातात. पाण्यातली मोठी गोगलगाय शंखाचे झाकण घट्ट मिटून चिखलात पडून राहते. या अवस्थेची ‘ग्रीष्मनिद्रा’ म्हणून एका ओळीत बोळवण होते. आपल्या शिवारातली घटना तळटिपेत आणि परमुलखातली मुख्य मजकुरात, असा हा उलटा न्याय आहे.

शब्दही तपासून पाहू. ‘एस्टिव्हेशन’ ही संज्ञा लॅटिनमधल्या उन्हाळ्याच्या शब्दावरून आली. आपण तिचे भाषांतर केले. पण पंचांगात ग्रीष्म म्हणजे ज्येष्ठ-आषाढ. मृग नक्षत्र ७ जूनच्या सुमारास लागते. म्हणजे बेडूक ओरडू लागतात ते बहुधा ग्रीष्मातच! वनस्पतींचे पाहा. सह्याद्रीच्या सड्यांवरील कंदीलपुष्पांचा वरचा भाग पावसाळा सरल्यावर वाळतो आणि कंद पुढच्या पावसापर्यंत सुप्त राहतो. जी सुप्ती उन्हाळ्याच्या कितीतरी आधी सुरू होते, तिला ग्रीष्माची कशी म्हणावी?

‘निद्रा’ही फसवी आहे. झोपलेला प्राणी हाकेने जागा होतो. इथे सारा चयापचयच मंदावलेला असतो. थंडीही अनिवार्य नाही. मादागास्करमधला जाड शेपटीचा छोटा लेमूर कोरड्या ऋतूत सुमारे सात महिने झाडाच्या ढोलीत निपचित राहतो. ढोलीतले तापमान ३० अंश सेल्सियसच्या वर गेले तरी तो जागा होत नाही, असे २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात आढळले.

म्हणून ‘शुष्कसुप्ती’ हा शब्द मला अधिक प्रामाणिक वाटतो. त्यात उष्णतेचा उल्लेख येत नाही, ही उणीव मान्य. पण आपल्या भागातले मुख्य कारण तो सांगतो. परीक्षेतल्या संज्ञा एका लेखाने बदलणार नाहीत. तरी एवढे करता येईल. मे महिन्यात नांगरट करताना मातीखाली बेडूक सापडला का, हे जूनमध्ये वर्गात विचारावे. ज्याने तो पाहिला असेल, त्याचे उत्तर पुस्तकाशी जुळत नसले तरी खोडू नये.