कात्रीचा धीर

मंडळी, आनंद पटवर्धन आपल्याला दिग्दर्शक म्हणून माहीत आहेत. पण आपले माहितीपट ते स्वतःच संकलित करतात, आणि माझ्या मते त्यांची खरी वाढ संकलनाच्या टेबलावरच झाली.

या कारकिर्दीचा एक धागा कॅनडातला. आणीबाणीत 'क्रांती की तरंगें'ची प्रत तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर काढून इकडे पुन्हा जोडली गेली. पटवर्धन मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात शिकले. १९८१ मध्ये जिम मन्रो यांच्याबरोबर त्यांनी ब्रिटिश कोलंबियातल्या भारतीय व चिनी शेतमजुरांच्या युनियनवर 'अ टाइम टू राइज' केला. आपल्यातले कित्येक जण त्याच सुमारास इथल्या ऑफिसांत रुळत होते. तो लढा आपल्या कानावरही आला नाही.

'राम के नाम'मध्ये (१९९२) रामाचा जन्म कधीचा, या प्रश्नावर तरुण अडखळतो आणि आपण हसतो. मला तो विजय जरा स्वस्त वाटतो. 'जय भीम कॉम्रेड'ला (२०११) मात्र चौदा वर्षे लागली. विलास घोगरे यांच्या आत्महत्येपासून निघालेल्या या चित्रपटात कात्री थांबायला शिकली आहे. माणसे पुरती बोलतात, पुरती गातात. लांबी खटकली असे काही स्नेही म्हणाले. त्यांना विचारावेसे वाटते, कापायचे कोणाला?