समूहगायन, यवतमाळ जिल्ह्यातील

एकाने गीताचा चरण उच्चारावा आणि इतरांनी तो झेलून पुढे न्यावा, अशा पद्धतीने यवतमाळ जिल्ह्याच्या खेड्यांत, तांड्यांत व पोडांत रूढ असलेले गायन. मुख्य गायकामागून ध्रुपद उचलणाऱ्या समूहाच्या गाण्यास ‘झील’ व ती धरणाऱ्यास ‘झीलकरी’ असे म्हणतात. पोळ्याच्या झडत्या, बंजारा समाजाची लेंगी, वारकरी व खंजिरी भजन आणि भीमगीते हे या गायनाचे जिल्ह्यातील प्रमुख प्रकार होत. त्यांची भाषा, प्रसंग व दैवते भिन्न आहेत. तथापि झीलकऱ्यांना गीतात किती अधिकार आहे, हा प्रश्न सर्वांना समान असून त्यांचे कलामूल्यही त्याच निकषावर तपासता येते.

पाश्चात्त्य संगीतातील स्वरमेळ, म्हणजे भिन्न स्वर एकाच वेळी उमटवून साधलेली संगती, या गायनात नाही. सर्वजण एकच चाल गातात. मात्र ते एकाच क्षणी, एकाच सप्तकात व एकाच आवाजात गात नाहीत. गायकाचा चरण संपण्यापूर्वीच झील सुरू होते. खर्जातील आवाज खालच्या सप्तकात राहतात. काहींचा श्वास आधी सुटतो, काहींचा मागून. या सरमिसळीतून एक जाड, खरखरीत नाद तयार होतो. प्रारंभी ठाय असलेली लय क्रमाने दुगुणीत जाते आणि अखेरीस केवळ ध्रुपदाचे आवर्तन उरते. येथील मेळ स्वरांच्या उभ्या रचनेत नसून काळाच्या वाटणीत आहे. कोणी केव्हा थांबावे व कोणी केव्हा उचलावे, याची जाण हेच या गायकांचे मुख्य शिक्षण होय.

झडत्या हा प्रकार या वाटणीचे सर्वांत साधे रूप दाखवितो. श्रावण अमावास्येस पोळ्याच्या तोरणाखाली सजविलेले बैल उभे राहिले, की एखादा शेतकरी पुढे होऊन उंच आवाजात यमकबद्ध चरण म्हणतो व जमलेला गाव महादेवाच्या जयघोषाने त्यावर शिक्कामोर्तब करतो. चाल जवळजवळ नसते. असतो तो उच्चाराचा ठेका. जुन्या झडत्यांत गौरी-महादेव, बैल व शिवार यांचे वर्णन येते. नव्या झडत्यांत कापसाचा भाव, बियाण्याची किंमत, सावकार व पुढारी यांवर बोचरी टीका असते. शेतकऱ्यांच्या आत्महत्यांमुळे जिल्ह्याचे नाव देशभर पोहोचले व २००६ मध्ये केंद्र शासनाने विदर्भातील सहा जिल्ह्यांसाठी जाहीर केलेल्या मदत योजनेत यवतमाळचा समावेश झाला. त्या काळातील दुःख व रोष यांना गावापुढे वाट देणारा हा एक मोकळा प्रकार आहे. काव्य म्हणून अनेक झडत्या ओबडधोबड असतात. त्यांचे बळ शब्दयोजनेपेक्षा गावाने दिलेल्या हुंकारात आहे. जो चरण गावाला पटत नाही, त्यावरचा जयघोष फिका पडतो; म्हणजे येथे समूह हा साथीदारही आहे आणि परीक्षकही.

पुसद, दिग्रस, दारव्हा व आर्णी या भागांत बंजारा तांड्यांची दाट वस्ती आहे. होळीच्या दिवसांत तेथे गोरमाटी बोलीतील लेंगी गायिली जाते. पुरुषांचा व स्त्रियांचा असे स्वतंत्र मेळे फेर धरतात. एक मेळा चरण टाकतो व दुसरा त्यास उत्तर देतो. नगारा, डफ व थाळी ही साथीची वाद्ये होत. सेवालाल महाराजांची स्तुती, तांड्याच्या स्थलांतराच्या स्मृती, दीर-भावजयांची थट्टा असे विषय एकामागून एक येतात. लेंगीत कायमचा मुख्य गायक असा नसतो. ज्याला चरण सुचेल तो तेवढ्यापुरता पुढे येतो व पुन्हा फेरात मिसळतो. समानतेच्या दृष्टीने जिल्ह्यातील हा सर्वांत समतोल प्रकार मानावा लागेल. त्याची मर्यादाही याच गुणातून येते. प्रसंग संपला की गीत संपते. तांड्याबाहेरच्या श्रोत्यास केवळ ठेका ऐकू येतो, त्यातील कोटी व टोमणे हरवतात.

केळापूर, झरी जामणी, मारेगाव व घाटंजी या भागांतील गोंड व कोलाम समाजांत ढेमसा नृत्याबरोबर गायन व वादन चालते. तेथे पावलाची गती प्रधान असून गीत तिच्या आश्रयाने राहते. गावोगावच्या मुलींची भुलाबाईची गाणी, तसेच कार्तिकातील काकडा व हरिपाठ हेही समूहगायनाचेच प्रकार. परंतु ते जिल्ह्यापुरते विशेष नाहीत.

विसाव्या शतकात या गायनास नवे वळण दिले ते तुकडोजी महाराजांनी (१९०९–६८). त्यांचा जन्म शेजारच्या अमरावती जिल्ह्यातील यावली येथे झाला व १९३५ मध्ये त्यांनी मोझरी येथे गुरुकुंज आश्रम स्थापन केला. गुरुदेव सेवा मंडळाच्या शाखांमधून त्यांचे खंजिरी भजन यवतमाळच्या खेड्यांत पोहोचले. खंजिरी हे एका हातात धरून दुसऱ्या हाताने वाजविण्याचे, कडेला धातूच्या चकत्या बसविलेले लहान चर्मवाद्य. ते स्वस्त, हलके व शेतकऱ्यास सहज पेलणारे. पखवाजाचे बोल शिकण्यास वर्षे लागतात. खंजिरीचा ठेका थोड्या सरावाने हाती येतो. महाराजांनी मराठी व हिंदी या दोन्ही भाषांत भजने रचली, लोकांच्या कानांवरच्या चाली स्वीकारल्या आणि ग्रामसफाई, व्यसनमुक्ती, अस्पृश्यतानिवारण असे विषय भजनात आणले. १९४२ च्या चिमूर व आष्टी येथील उठावांमागे त्यांच्या भजनांची प्रेरणा होती, असे मानले जाते. त्या वर्षी त्यांना अटक होऊन नागपूर व रायपूर येथील तुरुंगांत ठेवण्यात आले.

या भजनाची खरी कामगिरी झीलकऱ्याची पात्रता बदलण्यात आहे. ध्रुपद लहान, शब्द बोलीजवळचे व चाल मध्यम पट्टीतील असल्याने ज्याला गाता येत नाही तोही दुसऱ्या आवर्तनापासून गाऊ लागतो. सामुदायिक प्रार्थनेत जातीचा वा गळ्याचा भेद न करता सर्वांनी एकत्र बसावे, हा विचार त्यामुळे उपदेशापुरता राहिला नाही. तो गायनाच्या रचनेतच उतरला. याची किंमतही भजनाला मोजावी लागली. सर्वांना जमावे म्हणून चालींचे वैविध्य कमी झाले, उपदेशाचा भार वाढला, आणि अनुयायांच्या रचनांत तर गद्य व्याख्यानास यमक जोडल्यासारखे चरण वारंवार आढळतात. अभंगातील आर्तता किंवा भारुडातील नाट्य येथे क्वचितच दिसते. परंतु एकट्याने ऐकण्याचे काव्य म्हणून त्याची परीक्षा करणे अन्यायाचे ठरेल. शंभर कंठांतून गेल्यावरच ते पूर्ण होते.

१९५६ मध्ये नागपूर येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी बौद्ध धर्माचा स्वीकार केल्यानंतर विदर्भाच्या वस्त्यांत भीमगीतांची परंपरा विस्तारली. वामनदादा कर्डक (१९२२–२००४) यांच्या रचना जिल्ह्यातील गायनमंडळांनीही आपल्याशा केल्या. त्यांच्या सादरीकरणात कव्वालीच्या बैठकीचा प्रभाव मोठा आहे. टाळ्यांचा ठेका, ओळीची पुनरुक्ती व सवाल-जवाब यांमुळे झील आक्रमक होते. भजनात समूह संमती देतो, तर भीमगीतात तो दावा मांडतो.

अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या ‘रिदम अँड ब्लूज’ संगीताशी व तेथील गायकसंघांशी या परंपरेची तुलना उद्बोधक आहे. दोहींचा कोणताही थेट संबंध नाही. परंतु दोन्ही कापसाच्या शेतांत वाढल्या. १८६१–६५ च्या अमेरिकन यादवी युद्धात लँकेशरच्या गिरण्यांना मिळणारा अमेरिकन कापूस तुटला आणि वऱ्हाडच्या कापसाची मागणी एकाएकी वाढली. यवतमाळ–मूर्तिजापूर हा अरुंद लोहमार्गही पुढे कापसाच्या वाहतुकीसाठीच सुरू झाला. अमेरिकन परंपरेतही शेतावरील हाकाऱ्यांत व चर्चमधील प्रार्थनांत एकाने पुकारावे व इतरांनी उत्तर द्यावे, अशी रीत होती. चर्चच्या स्तोत्रांमुळे तिला चार भिन्न सुरांच्या मेळाची जोड मिळाली. १८७१ पासून ‘फिस्क ज्युबिली सिंगर्स’ या संघाने ती रंगमंचावर नेली. ‘मिल्स ब्रदर्स’ व ‘इंक स्पॉट्स’ यांच्यानंतर १९४८ मध्ये बाल्टिमोरच्या ‘ओरिओल्स’ संघास मोठे यश लाभले. १९४९ मध्ये बिलबोर्ड या नियतकालिकाने आपल्या लोकप्रिय ध्वनिमुद्रिकांच्या यादीस ‘रिदम अँड ब्लूज’ हे नाव दिले. १९५० नंतरच्या दशकात शहरांच्या कोपऱ्यांवर वाद्यांविना गाणाऱ्या तरुणांचे अनेक संघ उदयास आले.

या संघांनी आवाजांची विभागणी अत्यंत परिष्कृत केली. खर्जाचा गायक वाद्याचे काम करी, मधले स्वर पट धरीत व उंच स्वर त्यांवर तरंगे. मात्र ध्वनिमुद्रणाच्या व्यवसायाला एक चेहरा व एक नाव हवे असते. १९५९ मध्ये डिट्रॉइट येथे स्थापन झालेल्या मोटाउन कंपनीच्या ‘सुप्रीम्स’ या त्रयीच्या नावाआधी १९६७ मध्ये डायाना रॉस हिचे नाव जोडले गेले आणि १९७० मध्ये ती संघाबाहेर पडली. समूहाचा सूर मागे सरून मुख्य गायिकेची पार्श्वभूमी बनण्याच्या प्रक्रियेचे हे ठळक उदाहरण होय.

यवतमाळच्या समूहगायनास असा बाजार लाभला नाही. त्यामुळे त्याची कारागिरी त्या उंचीस पोहोचली नाही. परंतु झीलकऱ्याचे स्थानही दीर्घकाळ सुरक्षित राहिले. ही स्थिती ध्वनिक्षेपक, १९८० नंतरच्या कॅसेटी व खंजिरी भजनांच्या स्पर्धा यांमुळे बदलली. स्पर्धांनी अनेक मंडळे जिवंत ठेवली व महिलांच्या मंडळांना व्यासपीठ दिले, हे नाकारता येत नाही. तथापि ठरावीक वेळेत परीक्षकांवर छाप पाडावयाची असल्याने उंच पट्टी, चित्रपटगीतांच्या चाली व मुख्य गायकाच्या तानांकडे कल वाढला. ध्वनिवर्धकासमोर एकच कंठ येतो आणि झील दुरून ऐकू येते. गावातील श्रोत्यास ती पट्टी पेलत नाही. तो गाणे सोडून ऐकू लागतो.

२०२४ मध्ये जिल्ह्यालगतच्या पोहरादेवी (जि. वाशीम) येथे बंजारा समाजाच्या वारशाचे संग्रहालय उघडले. वाद्ये, वेशभूषा व चित्रे अशा ठिकाणी जतन होतात. झीलेचे जतन तसे होत नाही, कारण ती वस्तू नसून अनेकांनी एकमेकांचा श्वास ओळखण्याची सवय आहे. ध्वनिमुद्रणातून चाल व शब्द उरतील. समूहास उचलता येईल असे ध्रुपद व त्याच्या आवाक्यातील पट्टी ज्या मंडळांनी सोडलेली नाही, त्यांच्याकडे ही परंपरा आजही पूर्णार्थाने नांदते. इतरत्र समूह उपस्थित असतो, पण समूहगायन संपलेले असते.