शब्दांचे अरिष्ट : 'अर्थसी'तील जादूचा क्षय

१

कल्पित जगात कोसळणारे संकट वाचकाला खरे का वाटावे, हा अद्भुतकथेच्या समीक्षेपुढील मूलभूत प्रश्न आहे. वास्तववादी कादंबरीतील दुष्काळाला किंवा महापुराला वाचकाच्या अनुभवविश्वाचा आधार असतो. जे जग मुळातच अस्तित्वात नाही, त्याच्या विनाशाला असा आधार मिळत नाही. त्यामुळे लेखक बहुधा दोनपैकी एक मार्ग पत्करतो. एक तर विनाशाचा आवाका वाढवीत नेऊन तो वाचकाला दिपवतो, किंवा त्या विनाशाला अणुयुद्धासारख्या एखाद्या परिचित भयाचे रूपक बनवतो. पहिल्या मार्गाने निर्माण होणारा विस्मय क्षणजीवी ठरतो. दुसऱ्या मार्गाने अर्थ हाती लागतो, परंतु कल्पित जग हे त्या अर्थाचे केवळ वेष्टन होऊन बसते. अर्सुला के. ल ग्विन (१९२९-२०१८) या अमेरिकन लेखिकेने 'अर्थसी' या द्वीपमय जगाच्या कथामालिकेत या दोहोंहून वेगळी वाट शोधली. 'द फार्देस्ट शोअर' (१९७२) या कादंबरीतील अरिष्ट प्रलयाचे नाही. ते विस्मृतीचे आहे.

२

'अर्थसी'तील जादू भाषेवर उभी आहे. सृष्टीच्या आरंभीच्या भाषेत प्रत्येक वस्तूला तिचे खरे नाव आहे आणि ते ज्याला ठाऊक, त्याची त्या वस्तूवर सत्ता चालते. येथे भारतीय वाचकाला मंत्रसामर्थ्याची किंवा भर्तृहरीच्या शब्दब्रह्माची आठवण होणे स्वाभाविक आहे. परंतु हे साम्य ताणणे युक्त नव्हे. भर्तृहरीच्या दर्शनात शब्दतत्त्वच जगद्रूपाने प्रतीत होते. ल ग्विन यांच्या जगात नाम हे प्रथमतः ज्ञान आहे, आणि त्या ज्ञानाच्या प्रत्येक वापराबरोबर सृष्टीचा समतोल राखण्याचे दायित्व येते. ताओविचाराशी ल ग्विन यांचे नाते दीर्घकालीन होते. लाओत्सेच्या ग्रंथाचे त्यांनी केलेले इंग्रजी रूपांतर १९९७ मध्ये प्रसिद्ध झाले. समतोलाच्या या कल्पनेचे मूळ तेथे शोधणे अधिक सयुक्तिक ठरेल.

ज्या जगाची व्यवस्थाच शब्दांवर उभी आहे, त्या जगाचा नाश भूकंपाने होत नाही. शब्द निसटू लागल्याने होतो. एन्लाडचा राजपुत्र अ‍ॅरन रोक बेटावरील महामांत्रिक गेडकडे वार्ता आणतो, ती हीच : दूरच्या बेटांवरील मांत्रिकांना आपले मंत्र आठवेनासे झाले आहेत. पुढील प्रवासात या वार्तेची प्रचीती येत जाते. हॉर्ट टाउनमध्ये पूर्वी नजरबंदीचे खेळ करणारी स्त्री आता कापड विकते. रेशमासाठी प्रसिद्ध असलेल्या लॉर्बनेरी बेटावर रंगाऱ्यांचे कसब लोपले आहे. माणसे एकमेकांना दोष देत कडवट झाली आहेत. समुद्रावर तराफ्यांवर राहणारे लोक वर्षातील सर्वांत लहान रात्री पहाटेपर्यंत नाचतात, आणि त्या नृत्याच्या मध्येच त्यांच्या गायकांना गाण्याचे शब्द आठवत नाहीत. ते गाणे अ‍ॅरनला पुरे करावे लागते. अखेरीस आदिभाषा हीच ज्यांची मातृभाषा, त्या ड्रॅगनांचीही वाचा जाते.

अद्भुत रसाचा स्थायिभाव विस्मय मानला जातो. या कादंबरीत लेखिकेने नेमका विस्मयच काढून घेतला आहे. अद्भुतकथेचा वाचक ज्याच्या ओढीने या जगात आलेला असतो, तेच पानोपानी विटत जाते. लॉर्बनेरीतील रंगाऱ्याची हानी आणि वाचकाची हानी एकाच जातीची ठरते. संकट खरे वाटण्याचे कारण येथे आहे. ते बाहेरच्या कोणत्याही घटनेचे रूपक होऊन पटत नाही. वाचनाच्या प्रक्रियेतच ते भोगावे लागते.

३

परिणामांच्या चित्रणात साधलेले हे यश कारणाच्या मांडणीत मात्र तितके टिकत नाही. मरणाच्या भयाने ग्रासलेला कॉब नावाचा मांत्रिक जीवन आणि मृत्यू यांच्यामधील दार उघडतो व त्या दारावाटे सृष्टीचे सत्त्व वाहून जाते. कॉबच्या अधःपाताला गेडचाही हातभार लागलेला आहे. मृतांना करमणुकीसाठी पाचारण करणाऱ्या कॉबला गेडने एकदा संतापाच्या व अहंकाराच्या भरात बळाने मृतांच्या प्रदेशाकडे नेले होते. 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' (१९६८) मध्ये तरुण गेडच्या गर्वातूनच एक भीषण छाया मुक्त झाली होती. त्या सूत्राची ही पुनरावृत्ती आहे. तरीही एका जगाची सारी भाषा आटवून टाकणाऱ्या अरिष्टाला एका व्यक्तीचे पाप हे कारण अपुरे वाटते. गेड आपले सारे सामर्थ्य वेचून ते दार बंद करतो, अ‍ॅरन राजा होतो आणि व्यवस्था पूर्ववत होते. ती व्यवस्थाच सदोष असेल काय, हा प्रश्न येथे विचारलाच जात नाही.

तो विचारण्यास ल ग्विन यांना जवळजवळ तीन दशके लागली. 'तेहानू' (१९९०) मध्ये दृष्टी मांत्रिकांकडून स्त्रिया आणि उपेक्षित यांच्याकडे वळली. 'द अदर विंड' (२००१) मध्ये अरिष्टाचे मूळच बदलले. मृतांचा तो कोरडा प्रदेश, जेथे वारा नाही, पाणी नाही, तारे हलत नाहीत आणि प्रेमिकही एकमेकांना ओळखत नाहीत, तो निसर्गसिद्ध नव्हता. अमरत्वाच्या लोभाने प्राचीन मांत्रिकांनी ड्रॅगनांच्या मुलखातील भूमी बळकावून तिच्याभोवती भिंत घातली होती. म्हणजे कॉबने केले ते परंपरेचे उल्लंघन नव्हते. परंपरेच्याच मूळ अपराधाचा तो अखेरचा, उघडा आविष्कार होता. गेडने बंद केलेल्या दाराने सृष्टी वाचली, पण कोंडलेले मृत कोंडलेलेच राहिले.

या पुनर्विचाराला किंमत मोजावी लागली आहे. 'द अदर विंड'मधील सत्य बऱ्याच अंशी रोकवरील चर्चेतून, स्पष्टीकरणाच्या रूपाने उलगडते. गाणे विसरलेल्या गायकांच्या प्रसंगाची मूर्तता त्या संवादांना नाही. कारण सापडले, पण ते बहुतांशी सांगितले गेले, घडले नाही. याला सन्मान्य अपवाद आल्डरचा. फुटकी भांडी सांधणे हे या सामान्य मांत्रिकाचे काम. जन्मभर सांधत आलेले त्याचे हात अखेरीस ती भिंत पाडण्यास लागतात. या एका कृतीत कादंबरीचा विचार पूर्णपणे अनुभवाच्या पातळीवर येतो.

४

दोन्ही कादंबऱ्या एकत्र वाचल्या तरच या अरिष्टाचे पूर्ण रूप समोर येते. एकीत हानीचे सत्य आहे, दुसरीत अपराधाचे. ल ग्विन यांनी पूर्वीची संहिता बदलली नाही. तिच्यातील घटना तशाच ठेवून त्यांचा अर्थ बदलला. स्वतः उभारलेल्या जगाच्या पायाशी अन्याय आहे हे ओळखून त्या जगातच त्याचे परिमार्जन करणे, हे लेखकीय सचोटीचे दुर्मीळ उदाहरण होय. कल्पित जगाच्या विनाशाचे मूल्यमापन करताना किती नगरे बुडाली हा निकष गौण मानावा लागतो. त्या विनाशाने त्या जगाच्या रचनेविषयी कोणता प्रश्न उभा केला आणि त्याचे उत्तर देण्याचे धैर्य लेखकाने दाखवले काय, हे पाहावे लागते. 'अर्थसी'तील जादूचा क्षय या निकषावर उतरतो. पहिल्या खेपेस अर्धा, दुसऱ्या खेपेस पुष्कळसा.